खाडी कशाला म्हणावे?

बोईसर स्टेशनावरून पश्चिमेला गेलात की तारापूर आणि चिंचणी ही गावे लागतात. त्यांच्या मधल्या पाण्याला तिथले लोक नदी म्हणत नाहीत, समुद्रही म्हणत नाहीत. म्हणतात खाडी. भरतीला पाणी आत चढते, ओहोटीला चिखल उघडा पडतो. जमिनीत शिरलेला समुद्राचा फाटा, एवढाच या शब्दाचा अर्थ. खाड, खड्डा यांच्या कुळातला तो दिसतो.

आता शाळेत काय होते पाहा. हिंदीच्या पुस्तकात 'बंगाल की खाड़ी' येते, आणि चिंचणीच्या मुलाच्या डोळ्यांपुढे तो चिखल उभा राहतो! त्याचे काय चुकले? हिंदीत उपसागर आणि आखात दोघांनाही खाडीच म्हणतात. आपल्याकडे मात्र बंगालचा उपसागर, इराणचे आखात आणि वैतरणेची खाडी. गुरुजी, हे तीन शब्द एकदा फळ्यावर शेजारी शेजारी लिहाच. पलीकडच्या गुजरातीत खाडी लहानच असते बरे का, मोठे ते अखात.

पण वैतरणा तर नदी, मग तिची खाडी कुठली? भरतीचे खारे पाणी चढते तिथवर खाडी, त्याच्या वर नदी. खाऱ्या पाण्याची ही हद्द पावसाळ्यात खाली सरकते, उन्हाळ्यात वर. म्हणून ओहोटीच्या वेळी आलेल्या पाहुण्याने खाडीला नाला म्हणू नये, आणि मोकळी जागा तर मुळीच नाही. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला ती काठोकाठ भरते, आणि तिच्यात भराव पडला असेल तर तेच खारे पाणी लगतच्या भातखाचरात शिरते.