चाळिशीत नवी विद्या

मंडळी, पूर्वी आपल्या मुरबाड-शहापूरकडच्या जत्रांत तंबूतला सिनेमा येत असे. लहानपणी आम्ही तो जमिनीवर बसून पाहत असू. मला वाटे, ही माणसं पडद्यामागं दडली असतील. एकदा मागं जाऊन पाहिलं, तर कोणी नाही!

मग पडद्यावर हलतं तरी काय? सांगतो. सिनेमा म्हणजे पुष्कळ फोटो. एका लांब पट्टीवर ते ओळीनं असत. प्रत्येक फोटो आधीच्यापेक्षा जरासा वेगळा. ते भराभर दाखवले की डोळ्यांना माणूस चालताना दिसतो.

ही विद्या आपल्याकडे रुजवली दादासाहेब फाळके यांनी. शहापूरहून कसारा घाट चढला की पुढं नाशिक. नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वरी ३० एप्रिल १८७० रोजी ते जन्मले. मुंबईत ते चित्रकला शिकले. बडोद्याला फोटो काढायला शिकले. पुढं छापखाना काढला. जादूचे खेळही ते करीत.

चाळिशीला आल्यावर त्यांनी मुंबईत येशू ख्रिस्ताचा सिनेमा पाहिला. मनात आलं, आपल्या रामाचा, कृष्णाचा सिनेमा का नसावा? त्यांनी पुस्तकं आणून वाचली. रात्री जागवल्या. त्यापायी डोळे अधू झाले, काही काळ दिसेनासं झालं. औषधपाण्यानं दृष्टी आली, तसे पुन्हा कामाला लागले. विम्याच्या कागदावर कर्ज काढलं आणि १९१२ साली ते विलायतेला गेले. यंत्र घेऊन परत आले.

पण पैसा कोण देणार? त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि रोज त्याची चित्रं घेतली. ती भराभर दाखवताच रोप डोळ्यांदेखत वाढलं! ते पाहून भांडवल देणारा भेटला. तरीही कमी पडलं, तेव्हा पत्नी सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने दिले. सगळ्या मंडळींचा स्वयंपाक त्याच करीत. रात्री फिल्मच्या पट्टीला भोकंही त्याच पाडीत.

गोष्ट, देखावे, छायाचित्रण, फिल्म धुणं, सारं दादासाहेब जातीनं बघत. बाई काम करायला मिळेना. तेव्हा खाणावळीतल्या साळुंके नावाच्या आचाऱ्याला तारामती केलं! रोहिदास झाला स्वतःचा मुलगा. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढं आला. भारताचा पहिला पूर्ण कथाचित्रपट म्हणून तो ओळखला जातो.

पुढं बोलपट आले. मुक्या चित्रपटांचे दिवस गेले. दादासाहेब मागं पडले. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला ते वारले. १९६९ पासून त्यांच्या नावानं सरकार मोठा पुरस्कार देतं.

आता उशीर झाला, असं कोणी म्हणालं तर त्याला ही गोष्ट वाचून दाखवा. आणि दादासाहेबांचं नाव घ्याल, तेव्हा सरस्वतीबाईंचंही घ्या.