घर मध्येच गळते? आधी आढे पाहा!



गाळप संपले, उसाच्या खोडव्याला पाणी-खत झाले, की घरधन्याची मान आपोआप छपराकडे वळते. पाऊस येईपर्यंतचे दीड-दोन महिने हेच डागडुजीचे दिवस. यंदा आम्ही हा विषय घेतला, त्याला कारण घाटकोपरहून आलेली एक तक्रार आहे. आपल्यापैकी अनेकांचे भाऊ, मुलगे नोकरीनिमित्त घाटकोपर, मुलुंड, अंधेरी, बोरिवलीकडे राहतात. गावचे घर एकाचे आणि मुंबईची खोली दुसऱ्याची असली, तरी गळती दोघांचीही असतेच.

एका सभासदांचे थोरले बंधू घाटकोपरला डोंगरउतारावरच्या वस्तीत राहतात. पावसाळ्यात घरात नेमके ओट्यावर पाणी ठिबके. त्यांनी कर्ज काढून सगळे पत्रे बदलले. पुढच्या पावसात थेंब पुन्हा त्याच जागी! "पत्रं नवं, गळती जुनीच," असे ते बिचारे सांगत होते. शेवटी गावाकडचा गवंडी मे महिन्यात तिकडे गेला. वर चढून त्याने पाहिले, तो पाखीवरचे पत्रे चांगले, पण आढ्यावर टोपीसारखा जो पत्रा बसवतात त्याचे जोड पश्चिमेकडे तोंड करून ठेवलेले. मुंबईचा पाऊस नैर्ऋत्येकडून वाऱ्याबरोबर येतो, तो थेट जोडात शिरे. वाशावरून ओघळत ते पाणी चार हात लांब जाऊन ठिबके. म्हणून दोष दिसे एकीकडे आणि असे दुसरीकडे. आढ्याचे चार पत्रे काढून उलट दिशेने बसवले. एका दिवसाचे काम! आधीचा सगळा खर्च वाया गेला होता, हे सांगणे नकोच.

आढ्यावर दोन पाखी एकमेकींना भिडतात, पण त्या पूर्ण मिटत नाहीत, मध्ये फट राहतेच. ती झाकायची ते आढ्याच्या कौलाने किंवा पत्र्याने. शिवाय वारा छपरावरून जाताना आढे, वळचण आणि कडेची टोके यांवर वरच्या बाजूला ओढ बसते. छप्पर दाबले जात नाही, उचलले जाते, हे पुष्कळांना ठाऊक नसते. 17 मे 2021 रोजी तौक्ते चक्रीवादळ मुंबईजवळून गेले तेव्हा कुलाब्याला वाऱ्याचा वेग ताशी 114 किलोमीटरपर्यंत नोंदला गेला. असा वारा आधी सैल आढेच पकडतो. आणि पाऊस म्हणाल, तर 26 जुलै 2005 ला सांताक्रूझला 24 तासांत 944 मिलिमीटर पडला. आपल्या दुष्काळी पट्ट्यात अख्ख्या वर्षात तेवढा होत नाही. तेव्हा उपनगरात टिकेल असे आढे आपल्याकडे टिकेलच.

आता कौलांचे पाहू. मंगलोरी कौलांचा पहिला कारखाना बासेल मिशनने 1865 मध्ये मंगळूरला काढला. तेथून ही कौले मुंबईत आली आणि अंधेरीच्या आंबोलीपासून बोरिवलीच्या गोराईपर्यंत गावठाणांतल्या जुन्या घरांवर चढली. आढ्याचे कौल घेताना दोन चुका हमखास होतात. पहिली म्हणजे पाखीची कौले एका साच्याची आणि आढ्याची दुसऱ्याच. कोन जुळत नाही, मग गवंडी ती पोकळी मसाल्याने भरत बसतो. तसे करू नये. आढ्याचा कोन पुठ्ठ्यावर कापून घ्यावा, पाखीचे एक जुने कौल पिशवीत टाकावे आणि दोन्ही घेऊनच वखारीत जावे. दुसरी चूक म्हणजे कच्चे कौल. नाण्याने वाजवून पाहावे. पक्के कौल खणखणीत वाजते, तडकलेले बद्द आवाज देते. खात्रीच करायची असेल तर कोरडे कौल तोलावे, 24 तास पाण्यात ठेवावे, पुसून पुन्हा तोलावे. मंगलोरी कौलाच्या भारतीय मानकात उत्तम प्रतीला 18 टक्के आणि त्याखालच्या प्रतीला 20 टक्के इतकेच पाणी शोषण्याची मुभा आहे. उसाचा काटा पाहणाऱ्यांना हा हिशेब अवघड नाही. नग किती लागतील ते असे काढावे: आढे 24 फूट आणि जोड सोडून एक कौल 14 इंच झाकत असेल, तर 288 भागिले 14, म्हणजे 21 कौले, वर तीन जादा.

बसवताना सुरुवात कोठून करायची, हे सर्वांत महत्त्वाचे. पाऊस पश्चिमेकडून येतो ना? मग पूर्वेच्या टोकापासून सुरू करून पश्चिमेकडे सरकत जावे. पुढचे कौल मागच्यावर चढते, त्यामुळे जोडाचे तोंड पूर्वेला, वाऱ्याच्या आडोशाला राहते. आढे दक्षिणोत्तर असेल तर उत्तरेकडून सुरुवात करावी. आधी दोरी ताणावी. कौले पाण्यात भिजवून घ्यावीत, नाहीतर ती मसाल्यातले पाणी ओढून घेतात आणि मसाला भुगा होतो. मसाला नुसत्या सिमेंटचा कडक करू नये, तो उन्हात तडकतो. एक भाग सिमेंट, एक भाग चुना, सहा भाग वाळू बरी. मसाला दोन्ही कडांखाली आणि जोडात घालावा. पोटात गच्च भरू नये. भरल्यास ओल शोषून ती आढ्याच्या लाकडाला लागते. दोन्ही टोकांची कौले जस्ती तारेने आढ्याला बांधावीत. चार-पाच दिवस मसाल्यावर पाणी मारावे. नव्या मसाल्यावर उन्हाचा मार बसू देऊ नये.

पत्र्याच्या छपराला नियम तोच. आढ्याच्या पत्र्याची बाजू प्रत्येक पाखीवर किमान सहा इंच यावी, उपनगरासारख्या पावसात आठ-नऊ इंच असली तर उत्तम. दोन तुकड्यांचा जोडही सहा इंचांचा. खालच्या नालीदार पत्र्याच्या वरच्या टोकाला नळीचा सखल भाग पकडीने जरा वर वाकवून ठेवावा, म्हणजे वाऱ्याने मागे रेटलेले पाणी तिथेच अडते. भोक नळीच्या उंचवट्यावरच पाडावे, खोलगट भागात नाही. हुकाच्या बोल्टखाली डांबरी वायसर असावा. बोल्ट इतका आवळू नये की पत्रा दबून खळगा पडेल. हल्ली काही बंगल्यांवर परदेशी धर्तीचे डांबरी शिंगल दिसते. त्याचेही तुकडे आढ्यावर दुमडून एकावर एक चढवतात, मागचा खिळा पुढच्या तुकड्याखाली झाकतात आणि जोडाचे तोंड वाऱ्यापासून फिरवतात.

सिमेंटच्या जुन्या पत्र्यांविषयी मात्र आम्ही हात जोडून सांगतो. त्यांवर थेट पाय ठेवू नका. वरून धड दिसणारा पत्रा पायाखाली एकदम तुटतो आणि माणूस खाली जातो. फळी वाशांच्या रेषेवर आडवी टाकून, तिला दोर बांधूनच पुढे सरकावे. त्यांत ॲस्बेस्टॉसचे तंतू असतात, ते फुप्फुसात गेले की निघत नाहीत. तो पत्रा यंत्राने कापू नये, कोरडा घासू नये. भोक पाडणे भागच असेल तर पाणी शिंपडून, हाताच्या गिरमिटाने पाडावे. उपनगरातल्या दाटीत विजेच्या तारा छपरापासून हातभरही लांब नसतात. शिडी लावण्याआधी त्या पाहाव्यात.

काम झाले की पावसाची वाट पाहत बसू नये. एकाने आढ्यावर पश्चिमेकडून नळीने पाणी सोडावे, दुसऱ्याने आत दिवा घेऊन वाशांवर नजर ठेवावी. ओल दिसली तर खडूने खूण करून गवंडी जाण्याआधीच दाखवावी. उरलेली तीन कौले माळ्यावर उभी करून ठेवावीत.