नसलेल्या खंडाचा शोध
पृथ्वीच्या शोधाची कथा : लेखांक नववा

गेल्या लेखांकात आपण आबेल टास्मानच्या १६४२ च्या सफरीचा वृत्तांत पाहिला. न्यूझीलंडचा पश्चिम किनारा दृष्टीस पडताच हा अज्ञात दक्षिणखंडाचाच एखादा बाहू असावा असा तर्क त्याने बांधला, हेही तेथे सांगितले होते. हा तर्क त्याच्या एकट्याचा नव्हता. हिंदी महासागर दक्षिणेकडून भूमीने वेढलेला आहे असे टॉलेमीने मानले होते. पुढे उत्तर गोलार्धातील विस्तीर्ण भूभागाचा तोल राखावयास दक्षिणेसही तेवढीच भूमी असली पाहिजे, या तर्काने पंडितांनी त्या समजुतीस युक्तिवादाचा आधार दिला. आणि ऑर्टेलियसने १५७० साली प्रसिद्ध केलेल्या नकाशात तर हा खंड पृथ्वीच्या संपूर्ण तळाशी ऐसपैस पसरलेला दिसू लागला. कोणी पाहिलेला नाही, तरी सर्वांनी रेखाटलेला असा हा प्रदेश सुमारे दोनशे वर्षे यूरोपच्या कल्पनेवर अंमल गाजवीत होता. १६०६ मध्ये किरोस हा पोर्तुगीज नाविक स्पेनच्या नोकरीत असताना न्यू हेब्रिडीज बेटांस लागला आणि आपण दक्षिणखंडावर उतरलो असे त्याने जाहीर केले. १७३९ मध्ये बूव्हे या फ्रेंच कप्तानास दक्षिण अटलांटिकमध्ये धुक्याआड एक हिमाच्छादित भूशिर दिसले, तेही त्याच खंडाचे टोक ठरले. मद्रासेस ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीत राहिलेल्या अलेक्झांडर डॅलरिंपल या विद्वानाने तर त्या खंडाची लोकसंख्या पाच कोटींहून अधिक असावी असा अंदाज प्रसिद्ध केला. जेथे पाच कोटी माणसे तेथे केवढा व्यापार, हा विचार लंडनच्या दरबारी आणि सराफी वर्तुळांत कसा फैलावला असेल याची कल्पना वाचकांस सहज करता येईल.

या भव्य कल्पनेचा निकाल ज्याने लावला तो जेम्स कुक एका शेतमजुराचा मुलगा होता. १७२८ साली यॉर्कशायरमधील मार्टन या खेड्यात त्याचा जन्म झाला, व्हिटबी बंदरात कोळशाची वाहतूक करणाऱ्या गलबतांवर त्याने उमेदवारी केली, आणि १७५५ मध्ये तो साधा खलाशी म्हणून शाही आरमारात दाखल झाला. न्यूफाउंडलंडच्या किनाऱ्याची मोजणी करताना त्याने जी काटेकोर पद्धती अंगी बाणविली तीच पुढे त्याच्या कीर्तीचा पाया झाली. १७६८ ते १७७१ या काळातील त्याची पहिली सफर, शुक्राचे सूर्यबिंबावरील अधिक्रमण ताहितीहून पाहण्यासाठी, म्हणून प्रसिद्ध आहे. परंतु तिच्यासोबत एक गुप्त हुकूमनामाही होता, आणि त्यात दक्षिणखंडाचा शोध घेण्याची आज्ञा होती. त्या सफरीत कुकने न्यूझीलंडला संपूर्ण वळसा घातला आणि ती दोन मोठी बेटे आहेत, कोणत्याही खंडाचा भाग नव्हेत, हे दाखविले. तरीही दक्षिणेचा अफाट समुद्र न धुंडाळलेलाच राहिला होता, आणि तेवढ्या जागेत श्रद्धाळूंचा खंड अजून सुखाने नांदू शकत होता.

या ठिकाणी कुकच्या बुद्धीचे वैशिष्ट्य ध्यानात येते. एखादी वस्तू आहे हे सिद्ध करण्यास ती एकदा दिसणे पुरे होते. परंतु ती नाही हे सिद्ध करावयाचे तर जेथे जेथे ती असू शकेल तेथे तेथे जाऊन पाहावे लागते. आपल्याकडील उत्तरकालीन वैशेषिकांनी द्रव्यगुणादी पदार्थांच्या पंक्तीस अभावालाही स्थान दिले. भूतलावर घट नाही हे ज्ञानही खरे ज्ञानच. परंतु ते व्हावयास भूतल नीट पाहिलेले असावे लागते. कुकपुढील भूतल म्हणजे पृथ्वीचा सारा दक्षिण भाग होता! त्याने आरमारखात्यास जी योजना सादर केली ती म्हणूनच साधी आणि संपूर्ण होती : पश्चिमेकडून वाहणाऱ्या वाऱ्यांचा फायदा घेऊन शक्य तितक्या दक्षिणेकडील अक्षांशांतून पृथ्वीप्रदक्षिणा करावयाची, दक्षिण गोलार्धाच्या उन्हाळ्यात बर्फाच्या कडेकडेने शोध घ्यावयाचा, आणि हिवाळा आला की उत्तरेस उष्ण कटिबंधातील बेटांकडे वळून माणसांस विसावा द्यावयाचा.

१३ जुलै १७७२ रोजी 'रेझोल्यूशन' आणि 'ॲडव्हेंचर' ही दोन जहाजे प्लिमथहून निघाली. दोन्ही मुळात व्हिटबीच्या कोळसावाहू बांधणीची होती. देखणी नव्हती, परंतु रुंद पोटाची, भरपूर शिधा सामावून घेणारी आणि उथळ पाण्यातही निभावून नेणारी. 'ॲडव्हेंचर'चा कप्तान टोबायस फर्नो होता. योहान राइनहोल्ड फॉर्स्टर व त्याचा तरुण पुत्र गेओर्ग हे निसर्गशास्त्रज्ञ, विल्यम वेल्स हा ज्योतिषी आणि विल्यम हॉजेस हा चित्रकार ही मंडळी कुकच्या जहाजावर होती. याशिवाय एक मूक सहप्रवासी होता, तो म्हणजे जॉन हॅरिसनच्या प्रख्यात समुद्री घड्याळाची लार्कम केंडॉल या कारागिराने केलेली प्रतिकृती. पृथ्वी चार मिनिटांत एक अंश फिरते. म्हणून मूळ ठिकाणची वेळ अचूक सांगणारे घड्याळ जवळ असेल, तर स्थानिक वेळेशी तिची तुलना करून रेखांश काढता येतो. सफरीत शीतोष्णाचे आघात सोसूनही या घड्याळाची दैनिक गती आठ सेकंदांहून अधिक चुकली नाही. या साधनाची किंमत कळावयास बूव्हेचे उदाहरण पुरेसे आहे. त्याने नोंदविलेला रेखांश चुकीचा असल्यामुळे सांगितल्या ठिकाणी कुकला ते भूशिर सापडलेच नाही, आणि बूव्हेने बर्फालाच जमीन मानले असावे असा निष्कर्ष त्याने काढला. वस्तुतः ते एक लहानसे हिमाच्छादित बेट आहे.

केप टाउन सोडून २२ नोव्हेंबर १७७२ रोजी जहाजे दक्षिणेस वळली, आणि थोड्याच दिवसांत शिडाचे दोर गोठून काठीसारखे ताठ होऊ लागले. डोलकाठीहून उंच असे हिमनग धुक्यातून अकस्मात पुढे येत. त्यांस चुकविण्यासाठी रात्रंदिवस पहारा ठेवावा लागे. परंतु याच हिमनगांनी एक मोठी चिंताही दूर केली, कारण त्यांपासून तुटलेले तुकडे होड्यांनी गोळा करून वितळविले असता उत्तम गोडे पाणी मिळते असा अनुभव आला, आणि पाण्याच्या बेगमीसाठी किनारा गाठण्याची निकड उरली नाही. १७ जानेवारी १७७३ रोजी 'रेझोल्यूशन' आणि 'ॲडव्हेंचर' यांनी दक्षिण ध्रुववृत्त ओलांडले. उपलब्ध इतिहासात असे करणारी हीच पहिली जहाजे होत. फेब्रुवारीत धुक्यात दोन्ही जहाजांची चुकामूक झाली. न्यूझीलंडमध्ये त्यांची पुन्हा भेट झाली खरी, पण ऑक्टोबरात वादळाने त्यांची कायमचीच ताटातूट झाली.

त्यानंतर कुक एकटाच दोनदा ध्रुववृत्तापलीकडे गेला. ३० जानेवारी १७७४ रोजी तो ७१ अंश १० कला दक्षिण अक्षांशापर्यंत पोहोचला, आणि तेथे क्षितिजापासून क्षितिजापर्यंत अखंड पसरलेल्या बर्फाच्या मैदानाने त्याची वाट अडविली. माणसास जाणे शक्य आहे तेथवर जावे अशी महत्त्वाकांक्षा बाळगणाऱ्या या पुरुषाने, वाट अडल्याचे आपणांस दुःख झाले नाही, असे रोजनिशीत प्रांजळपणे लिहून ठेवले आहे. लवकरच तो पोटाच्या विकाराने इतका आजारी झाला, की जहाजावर ताजे मांस नसल्याने फॉर्स्टरच्या आवडत्या कुत्र्याचा रस्सा करून त्याला पाजावा लागला. असे असताही त्याने मायदेशी परतण्याचा मनसुबा केला नाही. आणखी एक उन्हाळा हाती होता, आणि अटलांटिकचा दक्षिण भाग पाहावयाचा राहिला होता.

मधल्या हिवाळ्यात त्याने जी बेटे पाहिली त्यांचा निर्देश केल्याखेरीज पुढे जाणे अन्यायाचे होईल. ईस्टर बेट, मार्केसास, टोंगा, न्यू हेब्रिडीज आणि न्यू कॅलेडोनिया यांची स्थाने त्याने नकाशावर निश्चित केली. परंतु या बेटांवर शेकडो वर्षांपासून माणसे नांदत होती, आणि त्यांच्या पूर्वजांनी होकायंत्रावाचून, तारे आणि लाटा यांच्या आधारे, हा महासागर पालथा घातला होता. ताहितीपासून न्यूझीलंडपर्यंत आणि पूर्वेस ईस्टर बेटापर्यंत एकाच कुळातल्या भाषा बोलणारे लोक पसरलेले पाहून कुक स्वतः विस्मित झाला. पहिल्या सफरीत तुपाइया नावाचा ताहितीवासी विद्वान त्याच्यासमवेत होता, आणि त्याने सांगितलेल्या बेटांचा नकाशा आजही अभ्यासिला जातो. यूरोपीयांच्या येण्याने या समाजांत रोग आणि नव्या गरजा शिरल्या, आणि त्यांच्या पूर्वीच्या सुखास बाध आला, ही खंतही कुकच्या लेखनात आढळते. शोधकाचे यश सांगताना ही दुसरी बाजू झाकून ठेवणे इतिहासास शोभणारे नाही.

जानेवारी १७७५ मध्ये दक्षिण अटलांटिकात हिमाच्छादित पर्वतांची एक रांग दिसली, आणि अखेर खंड सापडला अशी आशा जहाजावर निर्माण झाली. किनाऱ्याने जात जात कुक तिच्या दक्षिण टोकास पोहोचला, तो ते बेट ठरले. बेटास त्याने राजा जॉर्जचे नाव दिले होते. टोकास त्याने आशाभंगाचे भूशिर असे नाव दिले. मार्चमध्ये केप टाउन गाठले, तेव्हा तेथून निघून तेथेच परत येईपर्यंत सुमारे साठ हजार सागरी मैलांची मजल झाली होती. ३० जुलै १७७५ रोजी 'रेझोल्यूशन'ने इंग्लंडच्या किनाऱ्यास नांगर टाकला.

या तीन वर्षांत त्या जहाजावरील केवळ चार माणसे दगावली, आणि त्यांतही रोगाने एकच. याचे महत्त्व समजावयाचे असेल तर तीसच वर्षांपूर्वी अॅन्सन या इंग्रज आरमारी अधिकाऱ्याच्या पृथ्वीप्रदक्षिणेत दोन-तृतीयांशाहून अधिक माणसे, बहुतांशी स्कर्व्ही रोगाने, मेली होती हे स्मरावे. या रोगाचे खरे कारण कुकच्या काळी कोणास ठाऊक नव्हते. त्याने आंबविलेली कोबी आणि माल्टचा काढा यांची तजवीज केली, अंथरुणे वाळविली, डेकच्या खाली शेगड्या पेटवून ओल घालविली, आणि जेथे जेथे किनारा लागेल तेथे हिरवा पाला गोळा करून तो शिजविण्याचा हुकूम दिला. माल्टच्या काढ्यावर त्याचा जो विश्वास होता तो पुढे खरा ठरला नाही. गुण आला तो मुख्यतः ताज्या भाजीपाल्याचा. परंतु खलाशांचे प्राण राखणे हे कप्तानाचे कर्तव्य आहे, ही दृष्टीच त्या काळी दुर्मीळ होती, आणि ती कुकजवळ होती. १७७६ मध्ये रॉयल सोसायटीने त्यास कोप्ले पदक दिले, ते खलाशांच्या आरोग्याविषयी त्याने लिहिलेल्या निबंधासाठी.

समशीतोष्ण प्रदेशात पसरलेला, सुपीक आणि पाच कोटी वस्तीचा दक्षिणखंड अस्तित्वात नाही, हे कुकने निःसंशय सिद्ध केले. ध्रुवाजवळ भूमी असलीच पाहिजे, कारण एवढ्या हिमनगांस कोठेतरी उगम हवा, हाही तर्क त्यानेच केला, आणि १८२० मध्ये रशियन नाविक बेलिंग्सहाउझेन याच्या सफरीत तो खरा ठरू लागला. मात्र त्या भूमीचा माणसास कधी उपयोग व्हावयाचा नाही, हे त्याचे भाकीत चुकले. तथापि त्याचे श्रेष्ठत्व भाकितात नाही. ज्या काळी प्रत्येक शोधक काही ना काही सापडल्याचे सांगण्यास उत्सुक होता, त्या काळी तीन वर्षे प्राण पणास लावून, जे नाही ते नाही, असे निर्विकार लेखणीने नोंदविण्याचे धैर्य त्याने दाखविले. एखाद्या देशाचा किनारा गाठणाऱ्यांची नावे इतिहासात पुष्कळ आहेत. नकाशावरील एक अखंड भ्रम पुसून टाकणारा शोधक मात्र विरळा, आणि माझ्या मते कुकचे स्थान पहिल्या रांगेत निश्चित होते ते याच कारणाने.

पुढील लेखांकात त्याच्या तिसऱ्या आणि अखेरच्या सफरीचा, उत्तरेकडील जलमार्गाच्या शोधाचा आणि १४ फेब्रुवारी १७७९ रोजी हवाई बेटावर झालेल्या त्याच्या अंताचा विचार करू. तत्पूर्वी वाचकांनी घरातील अॅटलासमध्ये दक्षिण गोलार्धाचे पान अवश्य उघडून पाहावे.