सावली पाहणारी आई

एक मुलगा खांद्यावर लाकूड घेऊन उन्हातून चालतोय. सुताराच्या घरचं पोर, त्यात नवल ते काय! पण जमिनीवर सावली पडते ती क्रूसाची. आणि ती आईला दिसते. १९१२ सालच्या ‘फ्रॉम द मेंजर टू द क्रॉस’ या मूकपटातला हा प्रसंग काही क्षणांचाच, पण मला अख्ख्या चित्रपटात तोच सर्वांत मोठा वाटतो.

हा प्रसंग बायबलमध्ये नाही. होल्मन हंट या इंग्रज चित्रकाराने अशी सावली आणि ती पाहणारी येशूची आई मरीया आधी रंगवली होती. शुभवर्तमानांत मरीया फार थोडं बोलते. लूक लिहितो की घडलेलं सारं ती मनात जपून ठेवत असे. अशा आईच्या तोंडी शब्द घालायला गेलं की ती हातची निसटते. मूकपटात तिचा अबोला शाबूत राहिला.

कालेम कंपनीच्या या चित्रपटाची पटकथा जीन गाँटियर हिची, आणि मरीया झाली तीही तीच. दिग्दर्शक सिडनी ऑल्कॉट यांनी चित्रीकरण थेट इजिप्त आणि पॅलेस्टाइनमध्ये केलं. हेरोद राजाच्या भीतीने तान्ह्या येशूला घेऊन निघालेलं कुटुंब खऱ्या पिरॅमिडांपाशी, खऱ्या स्फिंक्सपाशी पोहोचतं. कॅमेरा बहुतेक वेळा दूर उभा असतो. चेहरा न्याहाळायची सोय नाही. आईची काळजी तिच्या उभं राहण्यातून, वळण्यातून ओळखायची.

त्याच साली मुंबईत दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’साठी धडपडत होते. गिरगावात ख्रिस्ताच्या जीवनावरचा एक आधीचा मूकपट पाहताना त्यांच्या डोळ्यांपुढे राम-कृष्ण उभे राहिले होते. हरिश्चंद्राच्या कथेतही मुलाचं मरण पाहणारी आई आहे. पण तारामती व्हायला बाई मिळेना. शेवटी साळुंके नावाच्या तरुणाने ती भूमिका केली आणि रोहिदास झाला फाळक्यांचाच मुलगा भालचंद्र. हे आठवलं की गाँटियरचं मोल आणखी कळतं: तिने आई लिहिली आणि स्वतःच उभी केली.

मूळ चित्रपट क्रूसावरच संपतो. पुनरुत्थान त्यात नाही, आणि अनेक भाविकांना ते खटकलं. मला मात्र तो शेवट मरीयेच्या बाजूचा वाटतो. उन्हातल्या त्या सावलीत तिला दिसलं होतं ते एवढंच.