‘चेक इंजिन’चा दिवा लागला? लगेच सेन्सर बदलू नका

स्कॅनरवर ‘पी ०१३५’ उमटला, की गाडीमालक थेट नाना पेठेतली स्पेअर पार्टची दुकाने गाठतो. घाई नको. कोड फक्त गडबड कुठे आहे ते सांगतो. कोणता पार्ट गेला ते नाही.

‘पी ०१३५’ म्हणजे इंजिनाजवळच्या पहिल्या ऑक्सिजन सेन्सरच्या हीटर सर्किटमधला दोष. सेन्सर चांगला तापल्याशिवाय काम करत नाही, म्हणून त्यात हीटर असतो. आधी फ्यूज पाहा, मग कनेक्टर आणि वायर. तिथवर करंट नीट येत असेल, तर मल्टिमीटरने हीटर तपासा. तो तुटलेला निघाला तरच नवा सेन्सर.

‘पी ०१७१’ जास्त फसवा. त्याचा अर्थ, मिश्रणात इंधन कमी. पण सेन्सरच्या आधी एक्झॉस्ट पाइपला चीर असेल, तर बाहेरची हवा आत ओढली जाते आणि बिचारा सेन्सर दिसते तेच सांगतो! इंजिन गरम असताना पुढच्या साध्या सेन्सरचे व्होल्टेज ०.१ ते ०.९ दरम्यान भराभर खाली-वर होत असेल, तर तो बहुधा ठणठणीत.

दिवा लुकलुकत असेल, तर मात्र गाडी बाजूला घ्या. तेव्हा मिसफायर होऊन न जळलेले पेट्रोल कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये जाते. तो खराब झाला, तर खर्च सेन्सरच्या कितीतरी पट.