रेषा अक्षांना कोठें भेटते?

शाळकरी मुलगा चौकटीच्या कागदावर समीकरणाची तिरपी रेषा बिनचूक ओढतो; परंतु ती आडव्या अक्षाला कोठें छेदते, हें गणितानें काढ म्हटलें कीं गोंधळतो. आडवा अक्ष क्षचा, तेव्हां क्ष शून्य, असें म्हणून तो नेमकें उलट करून बसतो. नियम घोकून ही चूक जात नाहीं. अक्ष म्हणजे काय हें उमगलें कीं ती पुन्हा होत नाहीं.

आडव्या अक्षावरील बिंदूला उंची नसते. म्हणून तेथें य शून्य. उभ्या अक्षावरील बिंदु डावीकडेहि नसतो आणि उजवीकडेहि नसतो; म्हणून तेथें क्ष शून्य. हें ध्यानीं ठेवून श्रोत्यांनीं कागद-पेन्सिल घ्यावी. २० सेंटिमीटर उंचीची मेणबत्ती तासाला ४ सेंटिमीटर जळते. क्ष तासांनंतरची तिची उंची य मानल्यास य = २० − ४क्ष. क्ष शून्य केल्यास य येतो २०. ही पेटवितांनाची उंची. य शून्य केल्यास क्ष येतो ५; म्हणजे पांच तासांनीं अंधार. एक छेदबिंदु आरंभ सांगतो, दुसरा शेवट.

परंतु कागदावरचा शेवट सृष्टींत गांठतां येतोच असें नाहीं. दाब कायम ठेवून वायु तापविला असतां सर्व वायु जवळजवळ सारख्याच प्रमाणांत फुगतात, हें गे-ल्युसाक यांनीं १८०२ मध्यें प्रसिद्ध केलें. दर सेल्सियस अंशास ही वाढ शून्य अंशावरील घनफळाच्या सुमारें २७३ व्या हिश्शाइतकी असते. शून्य अंशावर २७३ घनसेंटिमीटर वायु घेतला, तर क्ष अंशांवरील घनफळ य = २७३ + क्ष. येथें य शून्य केला कीं क्ष येतो उणे २७३. एवढ्या थंडींत वायु नाहींसाच होईल काय? नाहीं; तत्पूर्वींच त्याचा द्रव होतो. सर्वांत हट्टी हेलियम. तोहि १९०८ मध्यें लायडन येथें कामर्लिंग ओनेस यांनीं उणे २६९ अंशांच्या सुमारास द्रवरूप केला. मात्र रेषेनें दाखविलेलें स्थळ खोटें ठरलें नाहीं. विल्यम थॉमसन, म्हणजे पुढील लॉर्ड केल्विन, यांनीं १८४८ मध्यें निरपेक्ष तापमानाची कल्पना मांडली. त्यांच्या नांवानें चालणारें माप त्याच स्थळापासून, काटेकोरपणें उणे २७३.१५ अंशांपासून, मोजलें जातें.

म्हणून मुलानें छेदबिंदु काढला कीं वडीलधाऱ्यांनीं आणखी एकच प्रश्न विचारावा : येथें शून्य झालें तें काय? त्याचें उत्तर देतां आलें, तरच गणित सुटलें म्हणावें.