एस.टी.चा पास

तुमच्यापैकी काही जण रोज दुसऱ्या गावाहून एस.टी.ने शाळेत येत असतील. रोजचे तिकीट प्रत्येक घराला परवडत नाही. भाड्यापायी एखाद्याची शाळाही सुटते. म्हणूनच विद्यार्थ्यांसाठी सवलतीचा मासिक पास असतो.

या पासावर ६६.६७ टक्के सवलत मिळते. म्हणजे जिथे तीन रुपये भाडे लागते, तिथे एकच रुपया द्यावा लागतो. ग्रामीण भागातील मुलींना तर अहिल्यादेवी होळकर योजनेतून बारावीपर्यंत पास मोफत मिळतो. भाड्यासाठी बहिणीची शाळा बंद होत असेल, तर ही गोष्ट घरी जरूर सांगा.

पास कसा काढावा? अर्जात आपले नाव, इयत्ता, राहण्याचे गाव आणि शाळेचे गाव लिहा. नाव शाळेच्या रजिस्टरात आहे तसेच लिहा. अर्जावर मुख्याध्यापकांची सही व शिक्का घ्या. पूर्वी पासासाठी आगारात जाऊन रांगेत उभे राहावे लागे. जून २०२४ पासून, शाळेने विद्यार्थ्यांची यादी दिल्यास एस.टी.चे कर्मचारी पास शाळेतच आणून देतात.

पास जपून ठेवा. तो दुसऱ्याला वापरायला देऊ नका. मुदत संपण्यापूर्वी नवा पास काढा.